नातोबा, मुक्काम मडगाव

पडद्यावर तो पहिल्यांदा आला तो म्हाताराच होऊन.
हातात तबक, तबकात एक पेला,
डावा पाय जरासा ओढत
दारातून आत आला, पेला ठेवला, गेला.
एवढंच काम. अर्धं मिनिटही नाही.
पण पेला ठेवताना त्यानं आमच्याकडे बघितलं,
म्हणजे पुरुमेताच्या फेस्तातल्या आमच्या तंबूकडे,
सुकी सुंगटं, सोलं, मिरच्यांच्या वासाकडे,
आणि डावी भुवई उचलली.
बाकांवरचे सगळे हसले. का, ते कुणालाच सांगता येईना.

मी तेव्हा दहा वर्षांचा. तिकिटं फाडायचो.
तंबू रुझार फुर्तादचा, यंत्राचा दांडाही त्याच्याच हाती,
आणि पडद्याशेजारी छडी घेऊन उभा सोयरू,
म्हार्दोळच्या जत्रेत राजे वठवून वठवून थकलेला.
चित्रं मुकी; बोलायचं ते सोयरूनं.
डब्यावर नाव होतं आनातोल ब्रिसार.
सोयरूची जीभ त्यावर दोनदा अडखळली,
तिसऱ्यांदा तो म्हणाला,
"रसिकहो, हे आपले नातोबा!"

रुझार डबे घ्यायचा मुंबईच्या एका पारशाकडून, वजनावर.
जुनी फीत स्वस्त, अधिक जुनी अधिक स्वस्त.
म्हणून जसजसा धंदा बसत गेला
तसतसा नातोबा तरुण होत गेला.

दुसऱ्या वर्षी लंगडणं गेलं.
त्यामागे लढाई होती, खंदक होता,
हे आम्हांला फार उशिरा कळलं.
सोयरूनं तेव्हा सांगितलं, नवस पावला.
तिसऱ्या वर्षी डोक्यावर उंच रेशमी टोपी,
कोटाच्या काजात फूल, एकाच जिन्यावर तीन बायका,
आणि नाव अख्ख्या पडद्याएवढं.
कोंबातली पोरं भुवई उचलायला शिकली,
त्यापायी मास्तरांचा मार खाल्ला.
चौथ्या वर्षी सायकल. ती घेऊन तो
पावांच्या दुकानातून, लग्नाच्या पंगतीतून, थेट नदीत.
पाणी उडालं तेव्हा पहिल्या बाकावरच्या पिएदादनं
डोक्यावर हात धरला.

पाचव्या वर्षी दारूच्या बाटलीभोवती गुंडाळून आलेला
एक फ्रेंच कागद दोतोर मिरांदांनी वाचून दाखवला:
भाड्याची खोली, हिवाळा, वय अठ्ठेचाळीस,
एके काळी लोकांना हसवणारा.
चार ओळी.
खाली सायकलींची जाहिरात.

त्याच रात्री लावायची होती सगळ्यांत जुनी फीत.
तिच्यात त्याचं नावच नव्हतं.
त्यांच्याकडची कसलीशी जत्रा, फिरता पाळणा, आणि कडेला
विशीचा एक पोरगा, टोपी हातात,
पुढून जाऊ की नको अशा विचारात.
सोयरूनं छडी खाली ठेवली.
काही बोलला नाही.
यंत्राची खडखड तेवढी.
मागून कुणीतरी ओरडलं, "नातोबा खंय?"
इतका कोवळा तो कुणाला ओळखूच आला नव्हता.
मग पोरगा गर्दीत शिरला,
मुद्दाम कुणाच्या तरी पायात पाय अडकवून पडला,
उठला, धूळ झटकली, आमच्याकडे वळला

आणि फीत तुटली.
रुझार चिकटवत बसला, लोक चणे खात बसले.
मी बाकांखाली फाटकी तिकिटं गोळा करत होतो.
सोयरू मात्र पांढऱ्या पडद्याकडे तोंड करून
एकटाच, डावी भुवई उचलून बघत होता,
जमतं का.