गलबतसाहेबांची पेन्सिल

नाव होतं गॅलब्रेथ.
पट्टेवाल्याच्या जिभेला ते पेललं नाही,
म्हणून सोलापुरात,
जिथं पाणी म्हणजे एक तळं आणि बाकी नुसती वाट बघणं,
एक गलबत येऊन लागलं कोर्टाच्या पायरीला.
सोलर टोपी, मानेवर घामोळं.

मी रेकॉर्ड रूमचा कारकून.
कसर लागलेले गठ्ठे सोडतो, झटकतो,
एकेक पान काचेवर पालथं घालतो, बटण दाबतो.
त्याचं सर्व्हिस बुक मला पाठ झालंय:
पेझ्ली गाव, स्कॉटलंड. बाप विणकर, शालींचा.
शालींची फॅशन गेली, बाप दारूत गेला
(दारूचं मी पदरचं घालतोय, बुकात नाही).
पोरगा एडिंबरोला कायदा शिकला,
मग परीक्षा, मग बोट,
मग आमच्या गावचा उन्हाळा.

पहिल्या रात्री म्हणे झोपलाच नाही.
तेलंगी पेठेतून वाऱ्यावर येत होतं
खटक-खट, खटक-खट.
सहा हजार मैल लांब पळूनही
बापानं गाठलंच.

खटला नंबर एकोणीस.
नरसव्वा मेरगू, वय अदमासे तीस, धंदा कांड्या भरणे.
मुकादम विहिरीत सापडला,
मुठीत तिच्या लुगड्याचा काठ.
तिची तेलुगू
हिप्परगी दुभाष्याच्या मराठीतून
साहेबाच्या इंग्रजीत पोचेपर्यंत
रडणं गळून जायचं, तारखा उरायच्या.
दोन असेसर. एक म्हणाला दोषी.
दुसऱ्याला जागं केलं, तोही म्हणाला दोषी.

साहेबानं काठ मागितला.
खिडकीशी नेला,
नखानं धागे मोजू लागला.
भर दुपारी, भर कोर्टात.
पंखेवाला दोरी ओढायची विसरला.
"फाटलेलं नाही हे," साहेब म्हणाला, "कापलंय. कात्रीनं.
फाटलेल्या कापडाला मिशा फुटतात.
हे मला घरी शिकवलंय."

आणि शाईनं लिहिलं: निर्दोष.

सरकार अपिलात गेलं. मुंबईहून खरमरीत उत्तर आलं:
घरी काय शिकलात ते घरी ठेवा,
न्यायाधीशानं साक्षीदार होऊ नये,
खटला पुन्हा चालवा.
तोवर नरसव्वा निजामाच्या हद्दीत.
समन्स तीनदा गेलं, तीनदा कोरं परत आलं.
साहेबाची हायकोर्टाची खुर्ची
त्या वीतभर काठाला अडकली ती अडकलीच.
पुढं कारवार (एकदाचा समुद्र मिळाला गलबताला),
मग ठाणे, मग पेन्शन,
मग शेवटच्या पानावर मयत,
आणि कारण लिहायच्या जागी शाईचा डाग.

पण निकालाच्या समासात पेन्सिलीनं काहीतरी आहे.
बाळबोध अक्षर, पहिलीतल्या पोरासारखं,
रेघेखाली लोंबणारं:
सिद्ध नाही.

त्याच्या मुलखात म्हणे तिसराही निकाल असायचा.
दोषी म्हणवत नाही, निर्दोष म्हणायला जीभ अडखळते,
तेव्हा देण्याचा.
आमच्या कायद्यात तो नव्हता.
शाई कायद्याची, पेन्सिल त्याची स्वतःची.
म्हणजे त्यालाही ठाऊक नव्हतं तर!
कात्री कुणाची ते ठाऊक नव्हतं,
विहिरीच्या काठावर कोण उभं होतं तेही.
धागे मोजून कळतं तेवढंच कळलं होतं,
आणि तेवढ्यावर त्यानं एक बाई घरी पाठवली.
सिद्धेश्वराच्या गावात बसून
हे दोन शब्द लिहायला
किती वेळ लागला असेल त्याला?

स्कॅनमध्ये पेन्सिल उमटत नाही.
उजेड वाढवून पाहिला, कमी करून पाहिला,
पान तिरकं धरलं.
पडद्यावर समास पांढराफटक.
खाली रकाना: निकाल.
पर्याय दोनच.
भरल्याशिवाय पुढचं पान उघडत नाही.

मोरे मॅडम दोनदा विचारून गेल्या, किती झाले.
साडेचार वाजलेत.
मी अजून एकोणीस नंबरवर आहे.