शून्य मी धरलं होतं

न्यायाधीशबाईंना हे ठाऊक नाही,
कारण साक्षीला मला कुणी बोलावलंच नाही :
त्या दिवशी फितीचं शून्य माझ्या हातात होतं.

किब्वेझीच्या अलीकडे, मोम्बासा रस्त्यावर,
जिथं ट्रकच्या आरशांनी घासून घासून
गोरखचिंचेची एक बाजू गुळगुळीत झालीय,
तिथं स्योम्बुआचं दुकान.
सात पत्रे, घायपाताच्या दांड्यांचे खांब,
संत्री, चहा, मका-घेवडा एकत्र शिजवलेला,
आणि डब्यात सुट्टे पैसे,
जे ट्रकवाल्यांना कधीच पुरत नाहीत.
सतरा वर्षं.

एका मंगळवारी पत्र्यावर लाल फुल्ली आली.
तिनं ती पुसली नाही.
फुल्लीच्या बेचक्यात संत्र्यांचा भाव लिहिला.

दावेदार तीन.
रस्ते प्राधिकरण म्हणतं, मधल्या रेघेपासून तीस मीटर आमचे.
पंपवाला किलुंगू म्हणतो, माझ्याकडे वाटपपत्र आहे.
शिक्का आहे, सही आहे,
सही करणारा वारला आहे.
स्योम्बुआ म्हणते, मी आहे.
तिचं म्हणणं एवढंच, बाकीची नऊ पानं वकिलाची.

वकील म्हणाला, बारा वर्षांहून अधिक, उघड, अखंड ताबा.
समोरचा पुरता उठलाही नाही,
अर्धा वाकून म्हणाला :
सरकारी जागेवर बारा काय, बाराशे वर्षं बसा,
ताबा पिकत नाही.
मी मागच्या बाकावर होतो.
मला वाटलं, संत्री विकणाऱ्या बाईसमोर
त्यानं हा शब्द वापरायला नको होता.

मग मोजणीचा हुकूम.
सर्व्हेअर किपरोनो साहेब, पिवळं जाकीट,
आणि मी, दिवसाचे आठशे शिलिंग.
“मध्यावर शून्य धर,” ते म्हणाले.

मध्य कुठला?
रुंदीकरण झालं तेव्हा
पलीकडे खडक होता, सुरुंग महाग होते,
म्हणून रस्ता वाढला तो दुकानाच्या अंगाला.
रेघ नव्यानं मारली.
जुनी रेघ डांबराखाली अजून पांढरीच असेल.
बाई जागची हलली नाही.
रस्ताच सरकत सरकत
तिच्या चुलीपाशी शेकायला आला.

मी वाकलो. समोरून कंटेनर.
हॉर्न, वारा, खडी तोंडावर,
मी उडी मारली. परत आलो तेव्हा
शून्य त्याच जागी टेकवलं की नाही,
शपथेवर सांगता येणार नाही.
वीतभर इकडे, वीतभर तिकडे.
“बोल!” साहेब ओरडले.
“शून्य!” मी ओरडलो.

तीस मीटर चुलीच्या मधल्या दगडावर पडले.
एक दगड सरकारचा,
एक किलुंगूच्या कागदातला,
आणि एकावर खडूची खूण.
भांडं मात्र तिन्हींवर होतं, उकळत.
साहेबांनी चहा घेतला नाही. मी घेतला.

निकाल इंग्रजीत आला, सव्वीस पानांचा.
जागा सार्वजनिक. वाटपपत्र रद्द. ताबा बेकायदा.
दोघंही हरले म्हणाले सगळे.
पुढं किलुंगूला पंपाकडे वळायचा फाटा मिळाला,
परवान्यावर, वर्षाच्या भाड्यानं.
स्योम्बुआला तीस दिवस मिळाले.

आता ती पलीकडे आहे, खडकाच्या कडेला.
पत्रे पाचच आणता आले.
फुल्लीचा पत्रा तिनं छपराला घातलाय,
फुल्ली आतल्या बाजूला.
परवा मी गेलो, तिनं मला ओळखलं.
चहा दिला, पैसे मोजून घेतले,
मग रेघेकडे बघत विचारलं,
“या बाजूनं किती भरतं?”

फीत साहेबांकडे असते.
मी पावलांनी निघालो. मधे एक ट्रक आला,
त्याच्यासाठी थांबलो, आणि आकडा विसरलो.
आठवत होता तो तिशीच्या बराच आत होता.

“एकतीस,” मी सांगितलं.

ती हसली नाही.
तिनं कप विसळला आणि पुन्हा भरला.