साडेतीन मिनिटांची शेळी

मेयोच्या मागच्या दाराशी
जुने एक्स-रे किलोवर मिळत.
आत्या ते कॉस्टिक सोड्याच्या टिपाडात बुडवून ठेवी,
मग चिंधीनं घासून काढी.
फुप्फुसं, मणके, मोडलेली मनगटं
गढूळ होऊन मोरीत जात.
उरे ते काचेसारखं काहीतरी,
ज्यावर शेळी धावू शकेल.

शेळी हेडाऊंची. म्हणजे कल्पना त्यांची.
वर्षभर दुकानांच्या पाट्या रंगवायचे,
तान्ह्या पोळ्याला बडगे बांधायचे,
बांबूच्या फासळ्या, कागदाचं पोट,
जाळण्यासाठीच केलेली माणसं.
या वर्षी म्हणाले, जळणार नाही असं काही करू.
(फिल्मही जळते, हे लोबोनं त्यांना फार उशिरा सांगितलं.)

गोष्ट एवढीच :
इतवारीत टोपलीतून एक संत्रं घरंगळतं
आणि शेळी त्याच्या मागे.
घर, कडुलिंब, हापसा, पानठेला,
पुन्हा घर, कडुलिंब, हापसा, पानठेला,
कारण मागच्या देखाव्याचा कागद सात फूटच होता.
सव्वीस वेळा तिनं तेच गाव ओलांडलं
तरी कुणी हटकलं नाही.
आपलं काय वेगळं आहे, हेडाऊ म्हणत,
महालातून गांधीबाग, गांधीबागेतून महाल.

कॅमेरा लोबोच्या सासऱ्याचा. लोबो रेल्वेत गार्ड.
त्यानं आत्याला समजावलं,
सेकंदाला बारा चित्रं लागतील.
मागावर जन्म गेलेली आत्या हसली :
"बारा? आमच्या बोटभर काठात साठ धागे असते.
लय सस्ता आहे बे तुमचा सेकंद."

मे महिना. रंग ब्रशावरच वाळायचा.
म्हणून काम रात्री दहानंतर.
मी नऊ वर्षांचा : वाळ्याच्या ताटीवर पाणी मारणं,
चहा आणणं,
आणि नंदनवारांची खरी शेळी धरून उभं राहणं,
हेडाऊंना तिचे धावते पाय पाहायचे होते.
ती धावली नाही. एकदाही नाही.
सहाव्या प्रसंगाची चित्रं तेवढी खाल्ली.
म्हणून पाचव्यानंतर थेट सातवा.

बें बें करीमभाईंच्या क्लॅरिनेटचं.
मोमिनपुऱ्याच्या बँडमधून वरात आटोपून यायचे,
झालरीची टोपी तशीच डोक्यावर.

जूनच्या आरंभी पैसे संपले, शीटही संपल्या.
संत्रं चौकटीबाहेर जातं
आणि शेळी एक पाय उचलून थांबते,
अकरा सेकंद, एकाच चित्रावर.
टॉकीजमध्ये मोठ्या पिक्चरच्या आधी
दोन आठवडे ती तशी थांबत राहिली,
लोक खुर्च्या शोधत होते.
पुढे पुण्याच्या एका मासिकानं लिहिलं :
शेवट धाडसी आहे,
शेळीमागचा तो फिकट ढग विशेष बोलका.

ढग नव्हता तो.
शेवटच्या शीटपर्यंत आत्याचे हात सोलवटले होते,
नीट घासलं गेलं नाही.
बरगड्या होत्या. सहा. डाव्या बाजूच्या.

कुणाच्या गं, मी विचारलं.
त्या वर्षी आमच्याही घरचं एक माणूस
मेयोतून परत आलं नव्हतं.

आत्यानं शीट उजेडात धरली, जरा जास्तच वेळ.
"कोनाच्या का असेना.
शेळीले सावली तं भेटली."
मग तीही तिनं टिपाडात सोडली,
पुढच्या पिक्चरसाठी.