गलबत छाप

शिवकाशीहून लेबलं आली तेव्हा
शिडं फुगलेली गोव्याकडे,
निशाण मात्र मुंबईकडे.
पास्कू तांडेल बंदरावर खो खो हसला:
"बाबल्या, ह्यां गलबत खंयच्या वाऱ्यार चलता?"
पाच हजार छापून झालेली.
बाबली गिरपांनी मुकाट खळ कालवली
आणि कोकमाच्या बाटल्यांवर तीच चिकटवली.

पुढं चाळीस वर्षं
परळच्या दुकानात वेंगुर्ल्याची बाई
निशाण बघूनच बाटली उचलायची.
उलटं? मग आपलं.

औंदा पुण्याच्या कंपनीनं सगळं घेतलं,
कृती, नाव, पिंपांसकट पडवी.
त्यांच्या चित्रकारानं
वारा सरळ केला.

परवा दाभोली नाक्यावर
पास्कूच्या नातवानं बाटली उन्हात धरली,
फिरवली,
परत ठेवली.

"डुप्लिकेट आसा."