कवळी खिशात

तायाप्पामामानं कवळी काढली,
सदऱ्याच्या खिशात ठेवली, वर रुमाल कोंबला.
मिरजेच्या डॉक्टरनं बजावलं होतं,
रात्री वाटीभर पाण्यात ठेवायची.
माडग्याळच्या माळावर, फाल्गुनात,
वाटीभर पाणी कोण देणार!

मी मोबाईल घेऊन बोरीच्या आडोशाला.
शिवगोंडाला आवाज हवा होता, नुसता आवाज.
कोल्ह्याला द्राक्षं आंबट म्हणणाऱ्यानं
त्याची बाग बघावी एकदा:
खालचे घड सगळे चाटूनपुसून,
तेही माणिक चमनचे. सोनाकाला तोंड लावत नाहीत.
ओढ्यापलीकडं भोंगा लावायचा,
सशाच्या नादानं कोल्हे तिकडं ओढायचे,
इकडं घड पिकू द्यायचे. असा बेत.
मामाला एक पेटी कबूल, माल निघाला की.

ससा मुका. जन्मभर गप्प,
आणि एकदाच ओरडतो, मानेत दात शिरताना.
मामानं ते एकदाचं ओरडणं
चाळीस वर्षं वापरलं.
मुठीची पाठ ओठांत धरायची,
हवा बाहेर सोडायची नाही, आत ओढायची.
आधी लांब. मग तुटक. मग
तान्ह्या पोराला कुणी चिमटा काढावा तसं.
आणि थांबायचं.
"थांबणंच खरं," मामा सांगायचा,
"वरडण्यापरास गप बसलेलं
कोल्ह्याला जास्त ऐकू येतंय."

तेव्हा मांडीवर ठासणीची बंदूक असायची.
एका निवडणुकीला चौकीत जमा केली,
परत आणायला गेलाच नाही.
का, ते मामीनं विचारलं नाही. मीही नाही.

त्या रात्री नुसत्या हिरड्यांतून
आवाज वेगळाच निघाला,
ओला, म्हाताऱ्या सशाचा.
मामा स्वतःच दचकला. पुन्हा ओढला.
थांबला.
समोरच्या धाटांत काही हललं नाही.
ती वारा वळसून मागून आली,
पंधरा हातांवर बसली.
मादी. सडं ओघळलेली, एक कान फाटका.
बॅटरी माझ्या हातात, पण अंगठा दाबेना.
ती मामाच्या तोंडाकडं बघत राहिली,
त्या बोळक्याकडं,
जिथून ससा येत होता आणि जिथं ससा नव्हता.
मामानं हात खाली घेतला.
"जा बये," म्हणाला, "हितं काय न्हाई."

रेकॉर्डिंगमध्ये तेही आलंय.
शिवगोंडाला कापायला जमलं नाही,
मला जमवायचं नव्हतं.
लग्नातल्या भोंग्यावर आता रोज साडेनऊला
ससा मरतो, थोडा वेळ सामसूम,
मग ओढ्यावरून सगळ्या वस्तीला ऐकू येतं:
जा बये, हितं काय न्हाई.
चार रात्री कोल्हे आले.
पाचव्या रात्री त्यांनी ते ऐकलं, म्हणजे मानलं,
आणि बागेत परतले.

मामा तेव्हा दुधात भाकरी कुस्करत असतो.
कवळी खिशातच, मिरजेच्या डॉक्टरला कोण सांगतंय.
स्वतःचा आवाज कानावर पडला की
"दम कमी पडला," एवढंच म्हणतो.

काल साडेनऊ होऊन गेले होते.
वायर उंदरांनी कुरतडली,
असं शिवगोंडा संध्याकाळीच सांगून गेलेला.
आणि ओढ्याच्या अंगानं एकच, लांब.
कोल्हे बागेत होते. हलले नाहीत.
कुत्रीही उठली नाहीत. बायका भांडी घासत राहिल्या.
मामा उठला.
अंधारात पायानं चपला शोधता शोधता
त्यानं खिसा चाचपला,
आणि थांबला,
थांबायचं असतं तसा.