तोलकी

नागदेवी स्ट्रीटवर, बॉलबेअरिंगच्या दुकानामागे
एक बोळ आहे, जिथे हातगाडी आडवी झाली
की माणसाला नुसतं उभं राहावं लागतं.
तिथे मी छापा घालायला गेलो होतो,
वजनमापांचा कनिष्ठ निरीक्षक,
खिशात सरकारी शिक्का, बगलेत पंचनाम्याचे कागद.

हयाम नवगावकर तराजू दुरुस्त करायचे.
फळीवर एक वजन सापडलं, पितळी, सुपारीएवढं,
कुठल्याच कोष्टकात न बसणारं.
"हे किती?" मी विचारलं.
"किती नाही. काय, ते विचारा," म्हणाले,
आणि गप्प झाले,
बोलायला जेवढा वेळ लागला, बरोबर तेवढा.

पंचनाम्यात मी लिहिलं: निरंक.
ती तोलकी होती, हे कळायला मला
आणखी अकरा गुरुवार लागले.

पुष्कळसं सांगायला मनाई आहे.
(पुष्कळ हा शब्दही तोलकीत नाही.)
एवढं चालतं: की तिथे शब्दाला वजन असतं,
गुंजेत, माशात, तोळ्यात,
आणि एका पारड्यात शब्द पडला
की दुसऱ्यात ऐकणाऱ्यानं तेवढी शांतता टाकायची.
काटा मधोमध आल्याशिवाय पुढचं वाक्य नाही.
'साधारण' नाही. 'जवळजवळ' नाही.
'बघू' तर नाहीच.
या भाषेत धंदा कसा करायचे म्हणता?
नाहीच करायचे.

गुरुवारी रात्री शटर अर्धं ओढून आम्ही सात जण:
भुलेश्वरचा मोत्यांचा एक दलाल,
चिंबईची रेमेडियस, जी टोपलीला हात लावून
बोंबलांचं वजन सांगे,
गोदीतला टॅली क्लार्क दाजिबा कीर,
आणि दोन सख्खे भाऊ,
जे एकमेकांशी फक्त इथेच बोलत.
प्रार्थना कुणी म्हणत नसे.
मागण्याचं वजन होत नाही, हयामकाका सांगायचे,
पारडं सरळ जमिनीला टेकतं.
आम्ही फक्त झालेलं बोलायचो.
आज मी मुलाला मारलं. इतकंच.
मग त्याची शांतता.
एकदा रेमेडियसच्या एका वाक्यापुढे
आम्ही सगळे मिळून कमी पडलो.
पाववाल्याची सायकल गेली, नळाला पाणी आलं,
काटा तसाच.

बाहेर नेता येतो असा एकच शब्द, सगळ्यात हलका:
उलेम.
माल उचलून घेतल्यावर
रिकामं पारडं थोडा वेळ हलत राहतं ना,
ते.

भायखळ्याच्या इस्पितळात
हयामकाका शेवटचं वाक्य बोलले,
तेव्हा कॉटशी मी एकटा होतो.
नऊ शब्द. त्यातला एक कधीच न ऐकलेला,
पण वजन कळलं,
मांडीवर मूल झोपलं की कळतं तसं.
मी शांतता टाकायला लागलो.
निम्म्यावर आलो असेन, तोच नर्स आली, फॉर्म घेऊन:
"तुम्ही यांचे कोण?"
आणि मी, चौतीस वर्षांचा सरकारी नोकर,
विचारलं की उत्तर देणारा,
म्हणालो,
"तसा जवळजवळ कोणीच नाही."

ते पारडं अजून खाली आहे.
दाजिबाला सांगितलं नाही, भावांनाही नाही.
सांगायचं तर तोलकीतच,
आणि उधारी ठेवून तोलकीत तोंड उघडता येत नाही.

दुकानात आता एलईडीच्या माळा मिळतात.
काउंटरवर इलेक्ट्रॉनिक काटा,
त्यावर कुणाचा तरी अर्धा कप चहा,
लाल आकड्यांत एकशे अठरा.
हातगाडी आडवी झाली आहे, मी उभा आहे.
"काका, काय पाहिजे?" पोरगा विचारतो.
परत विचारतो, हिंदीत.

मी उत्तर देत नाही.
तो चहा उचलतो.