शेहेचाळीस टक्के

एकतीस वर्षं तुर्भ्याच्या प्रयोगशाळेत
मी नत्राचे आकडे लिहिले,
दशांशानंतर तीन घरांपर्यंत.
कुमुदिनी म्हणायची,
तुमच्याआधी तुमचा शर्ट घरी येतो.

आता ऐरोलीत, तळमजल्याच्या मागे,
सिडकोच्या भिंतीला लागून
नऊ फूट लांब, दोन फूट रुंद एवढी जमीन.
भरावाची. खडी, विटांचे तुकडे,
एकदा तर बाहुलीचा हात निघाला.
तिथे सात टोमॅटो लावले.

खालची पानं पिवळी दिसली
तेव्हा म्हटलं, हे तर आपलंच खातं.
युरिया. शेहेचाळीस टक्के.
चहाच्या चमच्याने, पाण्यात विरघळवून.
आणि मग, कोणी बघत नाही असं पाहून,
आणखी एक चमचा.

काय सांगू, झाडं कमरेला लागली.
पानं अशी हिरवी की काळी वाटावीत,
खोडं माझ्या अंगठ्याएवढी.
फिरायला निघालेले खारकरसाहेब जाळीशी थांबायचे,
"काय बागायतदार!"
मी हसत हसत खाली वाकायचो
आणि फूल शोधायचो.
महिन्याने एक आलं. दुपारी गळलं.
कुमुदिनीने विचारलं,
ह्या पाल्याची भाजी होते का हो?

दिवागावची देवकाबाई मढवी
बुधवारी टोपली घेऊन येते.
बोंबील मोजता मोजता तिने एकदाच पाहिलं.
"जास्ती खाल्लंय त्यानी. आता उपाशी ठेव."
मासळी धुतलेलं पाणी ती नेहमी माझ्या वाफ्यात ओतते,
त्या दिवशी माझ्या डोळ्यांदेखत
गटारात ओतलं.

उपाशी ठेवणं सोपं नसतं.
हात आपोआप डब्याकडे जातो.
हाताला काम म्हणून मधल्या जागेत चवळी टोचली.

चवळी कोणाकडे मागत नाही.
हवेत शंभरातले अठ्ठ्याहत्तर भाग नत्र,
मी जन्मभर तो नाकाने आत घेतला
आणि जसाच्या तसा परत केला.
ती मुळाच्या गाठींत भाडेकरू ठेवते,
ते तोच नत्र उतरवून घेतात,
आणि भाडं म्हणून तिला देतात.

संक्रांतीनंतर एक वेल उपटून पाहिला.
ज्वारीच्या दाण्याएवढी गाठ, नखाने फोडली.
आतून गुलाबी,
दात येणाऱ्या बाळाच्या हिरडीसारखी.
हे मला पाठ होतं.
परीक्षेत लिहिलं होतं, मार्क मिळाले होते.
पाहिलं नव्हतं.

बाकीचे वेल मातीलगत कापले,
मुळं जिथल्या तिथे राहू दिली.
सात झाडांना मिळून एकोणीस टोमॅटो झाले,
तीन खारीने खाल्ले,
एक देवकाबाईने न विचारता तोडला
आणि पदराला पुसून तिथेच उभ्याने खाल्ला.
काही बोलली नाही. टोपली उचलून गेली.

डब्यातला युरिया ओल धरून
दगड झालाय.
खाडीकडून वारा सुटला की
कुमुदिनी त्याने मागचं दार अडवते.